आडे सिस्टर आणि दोन लिटर पेट्रोल

आडे सिस्टर गाडी सुरू करायच्या आधी ती हलवून बघायच्या. दोन्ही हातांनी हँडल धरून स्कूटी डावीकडं-उजवीकडं दोनदा झुलवायची, मान वाकडी करायची आणि टाकीत काय खळखळतं ते ऐकायचं. गाडीला काटा होता, पण मी बघितल्यापासून तो अर्ध्यावरच अडकलेला. आवाज ऐकून त्या सांगायच्या, "जायापुरतं हाय. येताना पंपावरून यावं लागतंय." आणि ते बरोबर निघायचं. कितीतरी वर्षं मी त्यांच्या मागं बसून गेले-आले. रस्त्यात पेट्रोल संपलं असं कधी झालं नाही. झालं ते एकदाच, आणि त्या वेळी मागच्या सीटवर मी नव्हते.

मी मूळची हट्ट्याची. माझी नेमणूक वारंगा फाट्यापासून आठ किलोमीटर आत, माळावरच्या एका तांड्याच्या शाळेत झाली. मिस्टर नांदेडला नोकरीला होते, म्हणून मी फाट्यावर खोली केली. तांड्याकडं जायला एक काळी-पिवळी जीप होती. ती भरल्याशिवाय हलत नसे, आणि सकाळी तिकडं जाणारं कोणी नसे. पहिल्याच दिवशी साडेनऊ वाजून गेले, शाळा दहाची, आणि मी चहाच्या हॉटेलाच्या कडेला जीपवाल्याच्या तोंडाकडं बघत उभी. तेवढ्यात एक ठेंगणी, सावळी बाई स्कूटी घेऊन समोर थांबली. पांढरी साडी, पायात पुरुषी बूट आणि मोजे, डोक्याला करकचून बांधलेला रुमाल, पायाजवळ लसीचा निळा डबा.

"नव्या मास्तरीण हाव का?"

"हो."

"मंग उभ्या काहून? बसा की. ती जीप दुपारशिवाय निघत न्हाई."

मी साडी सावरत एका अंगानं बसले, तर त्यांनी मला उतरवलं. "आसं न्हाई. दोन्हीकडं पाय टाकून बसा. रस्ता खराब हाय. एका आंगानं बसलेली बाई मला पेलत न्हाई." चार माणसांसमोर साडी गुडघ्याशी गोळा करून तसं बसायला मला लाज वाटली. पण बसले. पहिल्या वळणावर मी घाबरून उलटीकडं झुकले, तेव्हा त्या मागं न बघता म्हणाल्या, "वळणावर आंग सैल सोडायचं, मॅडम. गाडी चालवणारीवर सोडून द्यायचं."

त्या तांड्यावरच्या उपकेंद्राच्या नर्स होत्या. शेवंता आडे हे त्यांचं नाव, पण कोणी त्यांना नावानं हाक मारल्याचं मी ऐकलं नाही. लेकरं 'शिस्टर' म्हणायची आणि म्हातारी माणसंही. तांडा त्यांचं सासर. त्यांच्याकडं एक गाव आणि भोवतालचे चार तांडे होते. रोज सकाळी त्या आपल्या लेकीला, सुनीताला, फाट्यावरच्या हायस्कूलला सोडायला यायच्या आणि माघारी जाताना मला घेऊन जायच्या. असा माझा जाण्यायेण्याचा प्रश्न सुटला तो सुटलाच. पुढं सुनीता हिंगोलीला कॉलेजला गेली, तरी सिस्टरची सकाळची फाट्यावरची फेरी बंद झाली नाही. मला वाटायचं त्यांना काही काम असतं. बऱ्याच उशिरा कळलं, काही काम नसायचं.

गाडीवर मागं बसणाऱ्याला पुढच्याचं बोलणं निम्मंच ऐकू येतं, बाकीचं वाऱ्यावर जातं. म्हणून त्यांची गोष्ट मला त्यांच्याकडून तुकड्यातुकड्यानं आणि त्यांच्या नवऱ्याकडून सलग कळली. देविदासभाऊ हळदीची शेती करायचे. उंच, वाळकं शरीर आणि बोलणं बेताचं. ते स्वतः गाडी चालवत नसत, त्यांना भीती वाटायची. कुठं जायचं झालं तर बायकोच्या मागं बसायचे आणि सीटच्या मागचा दांडा दोन्ही हातांनी घट्ट धरायचे. फाट्यावरची माणसं हसायची. भाऊ म्हणायचे, "हसू द्या. आमच्या आज्यानं बैलाच्या पाठीवर मीठ लादून मुलूख पालथा घातला. बैल पुढं आन् आज्जा मागं. मी बी मागंच हाव, फरक काय?"

त्यांनीच सांगितलं, सिस्टर नोकरीला लागल्या तेव्हा पायी फिरायच्या. चार तांडे, ओढे-नाले आणि डोक्यावर ऊन. एकदा पलीकडच्या वाडीवरून निरोप आला, बाई अडली आहे. या सात किलोमीटर धावत-चालत गेल्या. पोचल्या तेव्हा लेकरू झालं होतं आणि आई गेली होती. अंग अजून गरम होतं. सिस्टरनी नाळ कापली, लेकराला पुसून आजीच्या हातात दिलं, आणि आल्या पावली परत येऊन नवऱ्याला म्हणाल्या, "मला गाडी पायजे." भाऊंनी नवी-जुनी न बघता हिंगोलीहून एक वापरलेली लूना आणली. हळद काढून मोकळ्या झालेल्या रानात त्या चालवायला शिकल्या. भाऊ मागून पळत कॅरिअर धरायचे आणि त्या ढेकळांवरून पडत-उठत जायच्या.

सासऱ्यांना हे पटलं नव्हतं. तांड्याची सून पाय फाकून गाडीवर बसते म्हणून त्यांनी आठ-दहा दिवस तिच्या हातचं खाल्लं नाही. मग त्यांच्या डोळ्याच्या ऑपरेशनचा दिवस आला, आणि जीप नेमकी बिघडली. भाऊ सांगायचे, "बापानं पागोटं घट्ट बांधलं, लूनावर बसला आन् दवाखाना येईस्तोर डोळे मिटून घेतले. माघारी येताना डोळ्याला पट्टी व्हती. तवा मात्र मला म्हणला, बराबर चालवते रं पोरगी." हे सांगताना भाऊंचं हसणं लवकर थांबायचं नाही. सिस्टर चुलीपुढून म्हणायच्या, "पट्टी व्हती म्हणून बराबर वाटलं. दिसत असतं तर उडी मारली असती."

माळावरच्या माणसांना पंप जवळ नव्हता. सर्वांत जवळचा पंप फाट्यावरचा. तांड्यात मोटारसायकली आल्या होत्या, पण टाकीत कधी पाव लिटर असायचं, कधी तेवढंही नाही. लागेल तेव्हा लागेल तेवढं आणायचं, अशी रीत. सिस्टरच्या घरी मात्र एक बाटली होती. गोडेतेलाची दोन लिटरची जाड प्लास्टिकची बाटली, पेट्रोलनं भरलेली. ती घराबाहेर, चुलीपासून लांब, गोठ्याच्या भिंतीतल्या कोनाड्यात असायची आणि कोनाड्याला फळीचं दार होतं. पंपावर गाडीची टाकी भरून आणायची आणि घरी नळीनं त्या बाटलीत काढायचं, असा त्यांचा उद्योग चालायचा. ती बाटली त्या स्वतःच्या गाडीलाही वापरत नसत. अडलेली बाई, साप चावलेलं माणूस, ताप डोक्यात गेलेलं लेकरू, यांच्यासाठी ती होती. कोणाची गाडी न्यायची ते त्या वेळी ठरायचं. पेट्रोल सिस्टरच्या बाटलीतलं. वापरलं की दुसऱ्या दिवशी बाटली पुन्हा भरलेली.

एकदा मी त्यांच्या अंगणात चहा पीत बसले होते. तांड्यातला एक नुकतं लग्न झालेला गडी आला. बायकोला घेऊन औंढ्याच्या जत्रेला निघाला होता आणि गाडीत पेट्रोल नव्हतं.

"सिस्टर, आर्धा लिटर द्या. संध्याकाळी आणून टाकतो."

"कुनी आजारी हाय का?"

"न्हाई, जत्रा हाय नं."

"जत्रा तुझ्याबिगर बी भरंल. पायी जाय फाट्यापस्तोर, तिथून एसटी हाय."

तो पुन्हा पुन्हा म्हणत राहिला, बायको उन्हात उभी आहे म्हणाला. सिस्टर उठल्या, तिला सावलीत बोलावलं, पाणी दिलं, पण बाटली दिली नाही. तो गेल्यावर मी म्हटलं, "द्यायचं होतं थोडं." त्या म्हणाल्या, "थोडं थोडं करूनच सरतंय ते, मॅडम. आन् ज्या दिवशी पायजे त्या दिवशी नसतंय."

मला गाडी शिकवली ती त्यांनीच. मी चाळिशीला आले होते. दर वेळी कोणाच्या तरी मागं बसायचं, कोणाची तरी वाट बघायची, याची मला इतकी सवय झाली होती की स्वतः चालवावी असं मनातही येत नव्हतं. एका उन्हाळ्यात शाळेला सुट्टी लागल्यावर त्यांनी मला त्याच रानात नेलं जिथं त्या शिकल्या होत्या. मी रडकुंडीला यायचे, म्हणायचे मला काय गरज आहे. सिस्टर म्हणाल्या, "गाडीत काय बी जादू न्हाई. कुनाची वाट बघावी लागत न्हाई, येवढंच. पर बाईमाणसाला तेवढंच लई व्हतंय." पंधरा दिवसांत मी तांडा ते फाटा एकटी आले. अंगणात उभं राहून देविदासभाऊंनी टाळ्या वाजवल्या. त्या वर्षी मी स्वतःची स्कूटी घेतली. निळ्या रंगाची.

आता ते सांगायला हवं.

दोन वर्षांनी, पौषात, टँकरवाल्यांचा संप झाला. पहिल्या दिवशी पंपांवर रांगा लागल्या, दुसऱ्या दिवशी दुपारी फाट्यावरच्या पंपावर दोरी बांधून पाटी लावली. हिंगोलीतही नाही, कळमनुरीतही नाही. जीप उभी राहिली. तांड्यातले निम्मे लोक ऊसतोडीला गेलेले, त्यांच्याबरोबर त्यांच्या गाड्याही गेलेल्या. राहिलेल्या एक-दोन गाड्या कोरड्या. एसटी चालू होती, कमी गाड्या होत्या, पण चालू होती. हे मी मुद्दाम लिहिते, कारण नंतर मी स्वतःला पुष्कळ दिवस सांगत राहिले की एसटीचा भरवसा नव्हता.

तिसऱ्या दिवशी हट्ट्याला माझ्या पुतणीचा साखरपुडा होता. दोन ठिकाणी एसटी बदलून मी गेले असते तरी वेळेवर पोचले असते. पण माझ्या मनात वेगळंच होतं. आमच्या घरात गाडी चालवणारी मी पहिली बाई. भावांना, वहिनींना नुसतं फोनवर सांगितलेलं, कोणी बघितलं नव्हतं. मला माहेरच्या दारात गाडीवरून उतरायचं होतं. नवी पैठणी डिकीत, डोक्याला रुमाल, आणि सगळे बघायला बाहेर आलेले. इतकंच. गाडीत जेमतेम फाट्याच्या पुढं जाईल इतकं पेट्रोल होतं.

आदल्या दिवशी सकाळी मी सिस्टरच्या घरी गेले. त्या लसीचा डबा बांधत होत्या. मी म्हटलं, "सिस्टर, हट्ट्याला जायचं होतं उद्या. बाटलीतलं मिळालं असतं तर."

त्या थांबल्या. डब्याचा पट्टा हातातच राहिला. मग माझ्याकडं बघून विचारलं, "जानं गरजेचंच हाय का?"

मी म्हटलं, "हो. गरजेचंच आहे."

पुढं त्यांनी काही विचारलं नाही. साखरपुड्याचं मी त्यांना आधी सांगितलेलं नव्हतं आणि तेव्हाही सांगितलं नाही. त्यांनी कोनाड्याचं फळीचं दार काढलं, बाटली आणली आणि माझ्या टाकीत स्वतःच्या हातानं ओतली. थेंब सांडू नये म्हणून ओठ मुडपून, अगदी सावकाश. रिकामी बाटली झाकण लावून परत कोनाड्यात ठेवली. म्हणाल्या, "संप सुटंल आज-उद्या. माझ्या गाडीत हाय थोडं. सावकाश जा, मॅडम."

मी हट्ट्याला गेले. माहेरच्या दारात गाडीवरून उतरले. भाऊ-वहिनी बाहेर आले, पोरांनी गाडीभोवती गोळा होऊन हॉर्न वाजवला. माझा फोटो काढला. त्या फोटोत मी इतकी खूष दिसते की तो मी पुन्हा बघू शकलेले नाही.

त्याच दिवशी दुपारी साडेतीनला देविदासभाऊंच्या छातीत दुखायला लागलं. ते रानात हळदीला पाणी देत होते. बांधावर बसले, घामानं ओले झाले. सिस्टर लसीकरण करून नुकत्या परत आल्या होत्या. त्या धावत रानात गेल्या आणि त्यांना बघताच काय ते कळलं. नर्सच होत्या त्या. जवळची गोळी जिभेखाली दिली. रुग्णवाहिकेला फोन लावला. ती एका बाळंतिणीला घेऊन नांदेडला गेली होती, परत यायला तास-दीड तास लागणार होता. तांड्यातल्या दोन्ही गाड्या त्यांच्या धाकट्या दिरानं हलवून बघितल्या. कोरड्या. शेवटी सिस्टरनी आपलीच गाडी काढली. भाऊंना मागं बसवलं, लुगड्यानं स्वतःच्या पाठीला बांधून घेतलं आणि निघाल्या. दीर मागं पळत राहिला.

तांड्यापासून पाच किलोमीटरवर, चढाला, गाडी बंद पडली. सिस्टरनी ती एका अंगावर झुकवून पाहिली, पुन्हा सुरू केली. शंभर पावलं चालली आणि पुन्हा थांबली. मग त्यांनी पाठीचं लुगडं सोडलं, भाऊंना सीटच्या मागच्या दांड्याला बांधलं आणि गाडी ढकलायला सुरुवात केली. अर्धा किलोमीटर त्यांनी ढकलली, चढाला, सीटवर बांधलेल्या नवऱ्यासकट. मागून पळत आलेल्या दिरानं त्यांना गाठलं तेव्हा त्या ढकलतच होत्या, आणि भाऊंशी बोलत होत्या. "आलोच, आलोच, फाटा आला," असं. एक ट्रॅक्टर आला. त्याच्यात थोडं डिझेल होतं. ट्रॉलीत भाऊंना आडवं केलं. दवाखान्याच्या दारात ते गेलेले होते.

मला संध्याकाळी हट्ट्यात फोन आला. माझी गाडी भावाच्या अंगणात उभी होती. टाकीत निम्मं पेट्रोल शिल्लक होतं.

मातीला मी पोचले नाही. तिसऱ्या दिवशी गेले. अंगण माणसांनी भरलं होतं. बायका तांड्याच्या गोरमाटी बोलीत आळवून रडत होत्या, आणि सिस्टर भिंतीला टेकून कोरड्या डोळ्यांनी बसल्या होत्या. माझ्याकडं बघितलं, बाजूला सरकून मला जागा दिली. मी त्यांचा हात धरला. तळव्याला हँडलचे फोड आले होते.

थोड्या वेळानं तो धाकटा दीर येऊन पुढ्यात बसला. तोही रडून रडून थकला होता. कोणाला दोष द्यावा म्हणून नाही, त्याला खरंच समजत नव्हतं म्हणून तो बोलला.

"वयनी, कोनाड्यात बाटली ऱ्हाती की सदा. मी बघितली, तर रिकामी. कुठं गेलं वं पेट्रोल?"

सगळ्या बायका आमच्याकडं बघायला लागल्या. माझा हात सिस्टरच्या हातात होता. मला वाटलं आता माझं नाव येणार, आणि यायलाच हवं.

सिस्टर म्हणाल्या, "सांडलं. माझ्याच हातून सांडलं."

दीर मान खाली घालून उठून गेला. सिस्टरनी माझा हात सोडला नाही, दाबलाही नाही. तसाच धरून ठेवला.

पुढं काही महिन्यांनी मी हिंगोलीत एका ओळखीच्या डॉक्टरांना, नाव-गाव न सांगता, विचारलं होतं. ते म्हणाले, अशा वेळी वीस मिनिटांनी फरक पडतो, नाहीही पडत. सांगता येत नाही. मला वाटलं होतं की एक उत्तर मिळेल, मग ते कसलंही असो. तेही मिळालं नाही.

संप मिटला त्या दिवशीच मी पंपावर टाकी भरली, घरी नळीनं दुसऱ्या बाटलीत पेट्रोल काढलं आणि सिस्टरच्या घरी घेऊन गेले. काय बोलायचं ते रस्त्याभर जुळवलं होतं. त्या धान्य पाखडत होत्या. बाटली बघून उठल्या, माझ्या हातातून घेतली, कोनाड्यात ठेवली आणि फळी लावली. "चहा टाकते," म्हणाल्या. मी जुळवलेलं बोलणं चहाबरोबर गिळलं.

तेराव्यानंतरच्या पहिल्या मंगळवारी त्या लसीकरणाला निघाल्या. लोक म्हणाले, एवढ्यात कशाला. त्या म्हणाल्या, "लेकराची लस थांबत न्हाई." तीच गाडी, तोच डबा. फाट्याच्या अलीकडचा चढ आला की मात्र त्या गाडीवरून उतरायच्या आणि ती चालू ठेवून, हातानं धरून, वर चढवायच्या. वर पोचल्यावर पुन्हा बसायच्या. टाकी भरलेली असली तरी. मी कधी कधी मागून माझ्या गाडीवर यायचे. त्यांना ओलांडून जायचं धाडस झालं नाही. मीही उतरायचे आणि त्यांच्या मागं, वीस-पंचवीस पावलांवर, गाडी धरून चालत राहायचे. वर गेल्यावर त्या कधी मागं बघून थांबायच्या, कधी नाही. त्या निवृत्त होईपर्यंत चार वर्षं हे चाललं. या चार वर्षांत पेट्रोलचा विषय आमच्यात निघाला नाही. बाकी सगळे विषय निघाले. माझ्या बदलीचे, सुनीताच्या लग्नाचे, गुडघ्यांचे.

बाटली शेवटपर्यंत कोनाड्यात होती. त्यानंतर दोन बाळंतिणी आणि एक साप चावलेला म्हातारा तिच्यावर दवाखान्यात पोचले. तिघंही वाचले. म्हाताऱ्याच्या घरचे पेढे घेऊन आले तेव्हा सिस्टरनी एक पेढा उचलला आणि हातातच धरून बसल्या. नंतर बघितलं तर तो पदराच्या टोकाला बांधलेला होता.

निवृत्तीनंतर तांड्यावर त्यांना करमेना. गुडघे गेले होते, गाडीला किक मारता येईना. सुनीता पुण्याकडं होती, जावई कंपनीत. ती न्यायला आली. गाडी सिस्टरनी उपकेंद्राच्या नव्या नर्सला देऊन टाकली. मी त्यांना सोडायला हिंगोलीच्या बसस्थानकावर गेले. सकाळचे दहा वाजले असतील. सुनीता गाडी कुठं लागते ते विचारायला खिडकीकडं गेली, आणि बाकड्यावर आम्ही दोघीच उरलो. मला ठाऊक होतं की आता नाही तर कधीच नाही.

मी म्हटलं, "सिस्टर, त्या दिवशी माझं जाणं गरजेचं नव्हतं. एसटी होती."

त्या समोर बघत होत्या. फलाटावर एक बस मागं घेत होते, कंडक्टर शिट्टी वाजवत होता. शिट्टी थांबल्यावर त्या म्हणाल्या,

"मला ठावं व्हतं."

"केव्हा कळलं?"

"तवाच. तुमी गरजेचं हाय म्हणल्या तवाच." चष्मा काढून म्हणाल्या, "येवढ्या वर्सांत तुमी मला काही मागितलं नव्हतं, मॅडम. पहिल्यांदा मागितलं. न्हाई म्हणवलं न्हाई."

मला रडू यायला लागलं. त्यांनी मला थोपटलं नाही, 'जाऊ द्या' म्हणाल्या नाहीत. माफ केलं असंही म्हणाल्या नाहीत. पदरानं चष्मा पुसला आणि म्हणाल्या, "मी बी त्या पोराला न्हाई म्हणाले व्हते, जत्रंला जानाऱ्या. तेला न्हाई म्हणता आलं. तुमाला आलं न्हाई. ते माझं हाय. ते तुमी नेऊ नका."

एवढ्यात सुनीता पळत आली, बस लागली म्हणून. एकच गर्दी झाली. सुनीतानं खिडकीतून रुमाल टाकून जागा धरली, मी पिशव्या वर चढवल्या, कोणीतरी मध्ये घुसलं. सिस्टर कठड्याला धरून एक-एक पायरी चढल्या. दारात वळून त्यांनी माझ्याकडं बघितलं की पिशव्यांकडं, ते मला सांगता येणार नाही. मग त्या आत गेल्या.

त्यांना जागा पलीकडच्या बाजूला मिळाली होती. मी दोन बसच्या मधून वळसा घालून तिकडच्या खिडकीखाली गेले. काच अर्धी उघडी होती. सिस्टरच्या शेजारी एक पोरसवदा बाई बसली होती, पोट दिसत होतं, चेहरा पांढराफटक. सिस्टर तिला काहीतरी विचारत होत्या. तिनं बोटं दाखवली, सात. सिस्टरनी तिची हनुवटी धरून तोंड उजेडाकडं वळवलं, अंगठ्यानं तिच्या डोळ्याखालची कातडी ओढली आणि आत किती लाली आहे ते बघायला लागल्या. मी हात वर केला. बस हलली. पोरीनं माझ्याकडं बघितलं. सिस्टर तिचा दुसरा डोळा बघत होत्या.